तेहतीस गेमचं वाण

"काका, या मशीनमध्ये आधीच कोणीतरी हात घातलाय," मी म्हणाले.

"हात घातला म्हंजे? बिघडोलं का कोनं?"

काउंटरपलीकडे उंद्रीचे तेजराव काका उभे होते. टमाटे-वांग्याची शेती करतात. आवाज असा, की साधं बोलले तरी बाहेरच्या माणसाला वाटावं भांडण लागलं. मोबाइल दुरुस्तीला माझ्याकडेच येतात. त्या दिवशी मात्र त्यांनी खांद्यावरच्या दस्तीत गुंडाळून गेम खेळायचं मशीन आणलं होतं. हातात मावणारं, दोन स्क्रीनचं, डबीसारखं उघडणारं.

"बिघडवलं नाही हो. कुलूप काढलंय."

हे जरा सांगते. अशा मशीनवर कंपनी फक्त स्वतःच्या परवानगीचे गेम चालू देते. ते कुलूप काढलं की बाहेरचं काहीही चालतं. त्याला मॉड केलेलं मशीन म्हणतात. आणि कंपनीबाहेरच्या हौशी लोकांनी स्वतः लिहिलेलं जे सॉफ्टवेअर त्यावर चालतं, त्याला होमब्रू. घरचं लोणचं म्हणतो तसं घरचं सॉफ्टवेअर. चिखलीत बसस्टँडमागे माझं दुकान आहे, नऊ वर्षं झाली. हे काम करणारी दुसरी बाई मी तरी आसपास पाहिली नाही. विकत न घेतलेले गेम टाकून देणं कायद्यात बसत नाही, हे मला तेव्हाही माहीत होतं. तरी टाकून द्यायचे. खोटं कशाला बोलू?

"मले तेहतीस गेम टाकून पाह्यजे," काका म्हणाले. "मोजून तेहतीस. कमी नाई, जास्त नाई."

"तेहतीसच का?"

"धोंड्याचा महिना नाई का चालू? जवाई आला ना पुन्याहून. उद्या सकाई वाण द्याचं त्याले. तेहतीस अनारसे द्या लागते, पन त्याले शुगर निंगाली. एवढ्या कमी वयात, सांगा बरं! अनारसे खानार कोन? मंग मी म्हनलं, याले खेयाचा शौक हाये, तर गेम देऊ."

मी हसून हसून दमले. अधिक महिन्यात जावयाला तेहतीस अनारसे, बत्तासे, म्हैसूरपाक देणारे खूप पाहिले. तेहतीस गेम देणारा सासरा हा पहिलाच. बरं, जावयाला काही माहीत नव्हतं. जावई, मुलगी आणि सहा वर्षांची नात अमडापूरला देवीच्या दर्शनाला गेले होते. देवळात खेळणं कशाला, म्हणून आजीने मशीन घरीच ठेवून घेतलं होतं, ते काकांनी उचललं. पाचपर्यंत परत जागेवर पाहिजे होतं.

मशीन चालूच होतं. एकच चित्र ठळक दिसत होतं, लहान मुलाच्या पंजाचं. ते दाबलं. खालच्या स्क्रीनवर फोटोंचे चौकोन आले. पाण्याचा गिलास, ताटात भाकर, मांजर, चप्पल. गिलासावर बोट ठेवलं तर एका बाईच्या आवाजात आलं, "पाणी."

"हे लेकरांचं शिकायचं काहीतरी दिसतंय," मी म्हणाले. "ठेवू का?"

"काहाले ठेवता? सारं पुसून टाका. वाण कोरं पाह्यजे. उष्ट्यावर वाण देते का कोनी?"

आता माझी चूक ऐका. मशीनच्या कडेला एक मेमरी कार्ड असतं. गेम, फोटो, आवाज, सगळं त्याच्यावर. ते फॉरमॅट करण्याआधी, म्हणजे पूर्ण पुसण्याआधी, त्याची कॉपी माझ्या कॉम्प्युटरवर काढून ठेवायची, हा माझा नियम. अर्धा तास लागतो. पण घड्याळात दोन वाजले होते, काका काउंटरवर बोटं वाजवत होते, आणि असलं लेकरांचं सॉफ्टवेअर कुठूनही पुन्हा घेता येतं, असं मी मनाशीच ठरवून टाकलं. कोणी सांगितलं होतं मला? कोणीच नाही. फॉरमॅट दाबलं आणि चहा मागवला.

मग एकेक गेम. फाईल कार्डवर टाकायची, मग मी नव्याने टाकलेल्या एका होमब्रूने ती उघडून बसवायची. काका स्टुलावर बसून बोटांवर मोजत होते. बत्तीस झाले आणि तेहतिसावी फाईल खराब निघाली.

"बत्तीस चालतील की काका."

"चालतीन कसे? बत्तीसचं वाण असते का कुठी?"

शेवटी माझ्याकडचा एक सापशिडीचा गेम टाकला. काकांनी समाधानाने मान हलवली आणि पैशांसाठी खिशात हात घातला, तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. फोनचा आवाज नेहमीप्रमाणे फुल. मला सगळं ऐकू आलं. आधी ऐकू आलं एका लेकराचं किंचाळणं. रडणं नव्हे, किंचाळणं.

"बाबा, जुईचं मशीन कुठी हाये?" दर्शनाहून परतलेली काकांची मुलगी होती, वर्षा. जुई म्हणजे तिची लेक.

"जुईचं काहाचं? जवायाचं म्हन. चिखलीले आनलं म्या. तेहतीस गेम..."

"बाबा! काही करू नका त्याले! ते तिचं बोलनं हाये!"

"काय हाये?"

"तिचं बोलनं हाये, बाबा. तिले बोलता येत नाई ना. त्याच्यात फोटो दाबते अन् सांगते आमाले. पाणी पाह्यजे, पोट दुखते, सारं त्याच्यातूनच सांगते. आता ती काय मागून राह्यली तेच समजत नाई आमाले. डोकं आपटून राह्यली भितीवर."

 मी खुर्चीत बसले ती बसलेच. तो गिलास, ती भाकर. मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं होतं, स्वतःच्या बोटाने दाबलं होतं, आणि तरी पुसलं. काका माझ्याकडे पाहत होते. 

"ताई, कोरं केलं ना तुमी ते?" ते म्हणाले. एवढ्या हळू बोलताना मी त्यांना कधी ऐकलं नव्हतं.

"केलं काका."

तासाभराने जावई आला, नीलेश. मोटरसायकल बंद न करताच आत शिरला. मी सरळ सांगितलं, कार्ड फॉरमॅट केलं, कॉपी काढली नाही, चूक माझी. मला वाटलं आता हा दुकान डोक्यावर घेईल. घ्यायलाच पाहिजे होतं.  त्याने कार्ड हातात घेतलं, उलटसुलट करून पाहिलं आणि परत काउंटरवर ठेवलं. त्यापेक्षा शिव्या परवडल्या असत्या.

"सॉफ्टवेअर मी लिहिलंय, ते लॅपटॉपवर आहे," तो शेवटी म्हणाला. "पण फोटो आणि आवाज मशीनवरच केलेले. याला कॅमेरा आहे, माइक आहे. जुईला नवीन काही हवं असलं की जागच्या जागी फोटो काढायचा, वर्षाने बोलायचं. दीड वर्ष झालं. दोनशेच्या वर शब्द होते. माझी कॉपी काढायची राहिलीच."

"पुन्हा रेकॉर्ड केले तर?"

"नवीन आवाज चालत नाही तिला. एकदा वर्षाला सर्दी असताना एक शब्द भरला होता. जुईने तो कधी दाबलाच नाही. काही काही शब्दांना तर दोन-दोन महिने लागलेत, ताई."

"मले काऊन नाई सांगतलं कोनं?" काका एकदम ओरडले. "माह्या घरात, माही नात, अन् मलेच मालूम नाई?"

नीलेश चपापला. मग म्हणाला, "मागच्या खेपेला डॉक्टरांचं नाव काढलं तेव्हा तुम्ही काय म्हणालात? पोरीले येडी ठरोता का, म्हणालात. आमच्या घरात सारेच उशिरा बोलते, म्हणालात. वर्षा दोन दिवस जेवली नव्हती. मग आम्ही ठरवलं, तुम्हाला सांगायचं की मशीन माझं आहे."

काका खाली बसले. मी त्यांच्याकडे पाहिलं नाही. मलाही आवरत नव्हतं.

पण रडून कार्ड परत येत नाही. फॉरमॅट केलं तरी सगळं लगेच जात नाही. वहीची अनुक्रमणिका फाडली तरी पानं शिल्लक असतात, तसं. त्या पानांवर नवीन काही लिहिलं गेलं, की मात्र जुनं गेलं. आणि मी तर वर तेहतीस गेम लिहून ठेवले होते. देवा! कार्डाच्या कडेला एक बारीक खटका असतो. तो सरकवला की कार्डवर नवीन काही लिहिता येत नाही. तो सरकवला, सगळ्या कार्डाची कॉपी काढली आणि त्या कॉपीवर रिकव्हरीचं सॉफ्टवेअर लावलं. ते पानन् पान चाळून जुन्या फाईली शोधतं. बारा-चौदा तासांचं काम. दोघांना घरी पाठवलं. त्या रात्री मी जेवले नाही, हे सांगितलं नाही तरी चालेल, पण सांगते.

सकाळी साडेआठला दुकान उघडलं तर चौघंही दारात उभे. वाणाचं कोणी नाव काढत नव्हतं. वर्षाच्या कडेवर जुई होती, कपाळावर टेंगूळ. 

स्क्रीनवर आकडा होता. एकशे साठ आवाज, एकशे नव्वद फोटो. मी हात जोडले. पण गंमत अशी, की रिकव्हरीत फाईल मिळते, तिचं नाव मिळत नाही. कोणता आवाज कोणत्या फोटोचा, ती यादीच गेली होती. गिलास, बाटली, नळ, माठ, सगळ्यांचे फोटो. 'पाणी' नेमकं कशावर लावायचं?

"एकेक ऐकून लावू," वर्षा म्हणाली. "मले जेवढं आठवते तेवढं."

फोटो सगळे एका स्क्रीनवर पसरले आणि पहिला आवाज लावला. "भाकर." वर्षा विचार करत होती, तेवढ्यात कडेवरून एक बोट पुढे आलं. जुईने ताटाच्या फोटोवर टेकवलं. ताटाचे चार फोटो होते, त्यातल्या एकावर.

"हाव, हाच," वर्षा म्हणाली. "घरच्या ताटातला."

पुढचा. "बाहेर जायचं." बोट चपलेवर. पुढचा. "कान दुखतो." बोट कानाच्या फोटोवर. एकदाही चुकलं नाही. आवाज संपायच्या आत बोट जायचं. मी बटणं दाबायला मागे पडत होते आणि पोरगी मला घाई करत होती, टेबलावर थापा मारून.

"हिले सारं समजते?" काका म्हणाले. "सारंच?"

"सारंच समजते, बाबा. पहिल्यापासून."

काका उठून जवळ आले. प्रत्येक बोटाबरोबर ते मान हलवत होते. दीडेक तास असा गेला. शंभराच्या पुढे आवाज लागले. नीलेशच्या चेहऱ्यावर रंग आला होता. मीही जरा सैल झाले होते. पुढची फाईल लावली आणि वर्षाचा आवाज आला, हळू, समजावणीचा.

"आबा, ओरडू नका. मला भीती वाटते."

वर्षाने माझा हात धरला, पण वाजून झालं होतं. जुईने आधी काकांकडे पाहिलं. मग तिचं बोट स्क्रीनवर गेलं. एक फोटो, खालून काढलेला, लेकराच्या उंचीवरून. पांढरी टोपी, उघडं तोंड, वर केलेला हात. काकाच होते.

 नीलेश खाली बघत होता. मला तर कळेना की पुढची फाईल लावू की कॉम्प्युटरच बंद करू.

"बाबा, ते... ते आमी काढून टाकतो," वर्षा घाईघाईने म्हणाली. "तसं काही नाई, मागच्या दिवायीत भरलं होतं. ताई, तो आवाज पुसून टाका."

काकांनी टोपी काढली, हातात धरली. स्क्रीनजवळ जाऊन तो फोटो पाहिला. मग इतक्या हळू बोलले, की मला वाकून ऐकावं लागलं.

"काऊन काढता? काढलं तं तिनं सांगाव कसं मले?"

मी तो आवाज त्या फोटोवर लावला. दोनदा चुकले, तिसऱ्यांदा बसला.

पन्नासेक शब्द गेले ते गेलेच. ते वर्षाने नव्याने भरले. त्यातले निम्मे जुई अजून दाबत नाही, असं नीलेश फोनवर सांगतो. मी पैसे घेतले नाहीत, आणि बाहेरचे गेम टाकून देणं त्या दिवसापासून बंद केलं. कार्ड आलं की आधी पूर्ण कॉपी, गिऱ्हाईक कितीही बोटं वाजवो. आणि पूर्वी मी विचारायचे, मशीन कोणाचं आहे. आता विचारते, हे वापरतं कोण.