पाणबुडीची खंडेनवमी

निघोज्यात पाणबुडी बनते म्हटलं की लोक हसतात. हसा खुशाल. गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या शेडांच्या गर्दीत आमची छोटी कंपनी ध्रुवाकडच्या बर्फाखाली जाणारं यंत्र बनवत होती. आत माणूस बसत नाही; कॅमेरा घेऊन ते एकटंच बर्फाखालून फिरतं आणि ज्या भोकातून सोडलं तिथंच परत येतं. मध्येच बिघडलं तर वर डोकं काढायला तिथं जागा नसते.

त्याचं झाकण बसवायचं काम माझं. झाकणाखाली रबराची रिंग असते. तिच्यात केस जरी अडकला तरी खोल पाण्यात कारभार आटोपला. हे मला शिकवलं दादानं. सख्खा नव्हे, कंपनीतला सीनियर. त्यानंच मला तिथं चिकटवलं. निगडीहून रोज त्याच्याच गाडीतून यायचे, त्याच्या डब्यातली भाजी हक्कानं पळवायचे. चाचणीला यंत्राबरोबर आमच्यातलं कोणीतरी एकच ध्रुवावर जाणार होतं आणि साहेबांनी माझं नाव घेतलं होतं. मी तर घरी लोकरीच्या टोप्यांचा ढीग लावला होता.

खंडेनवमीला सगळ्या मशिनींची पूजा झाली. दादानं पाणबुडीचं झाकणच उघडलं. "अगं, बाहेरून कुंकू लावून काय उपयोग? खरं काम आतलं करतंय." हळद, कुंकू, अक्षता, सगळं झालं. मी म्हटलं, "दादा, झाकण मी बसवते."

"तू पेढे वाट. मी काय आज नवीन कामाला लागलोय?"

गेले पेढे वाटायला, मूर्खासारखी. बाकीचेही पेढ्यांभोवतीच होते.

सुट्टीनंतर यंत्र टाकीत सोडलं, दाब वाढवला, आणि आत पाणी. उघडून बघते तर रिंगेखाली तांदळाचा दाणा, कुंकवानं लाल.

मीटिंगमध्ये साहेबांनी विचारलं, "झाकण कोणी बसवलं?" दादा बोलणारच, याची मला इतकी खात्री की मी गप्प बसले. तो चहाच्या कपात बघत म्हणाला, "सीलिंग हिच्याकडंच असतं, सर."

 मग मी ओरडून खरं सांगितलं, पण तोवर तो मलाच समजावत होता, "असू दे गं, होतं कधीकधी." सगळ्यांसमोर! ध्रुवावर माझ्याऐवजी तो गेला.

नंतर कितीतरी दिवस मी त्याची बाजू स्वतःलाच पटवत राहिले. घाबरला असेल. नोकरी जाईल असं वाटलं असेल. घाबरलेल्या माणसावर किती राग धरायचा?

एका दुपारी तिकडून फोन आला. थंडीनं रिंग कडक झाली होती, बसत नव्हती. "तुझ्याशिवाय कोणाला विचारू गं?" वाटलं, मर म्हणावं. पण यंत्र बर्फाखाली गेलं आणि आलंच नाही तर? ते माझं होतं. सांगितलं सगळं: रिंग अंगाशी धरून ऊब दे, ग्रीस बोटानं पसर, घाई करू नकोस.

दुसऱ्या दिवशी परत फोन. "आलं गं परत! बर्फाची खालची बाजू कशी दिसते म्हणून सांगू!" मागं टाळ्या वाजत होत्या. मला रडूच फुटलं, आनंदानं. त्याच भरात विचारलं, "दादा, त्या दिवशी मीटिंगमध्ये एवढा घाबरलास का रे?"

"घाबरलो?" तो हसला. इतका खुशीत होता की खोटं बोलायचं सुचलंच नसावं. "छे गं. जागा एकच होती ना."