वखरलेलं मैदान

कॉलेजात मी चार वर्षं फुटबॉल खेळलो आणि अकोल्याच्या टीमकडून चारही वर्षं हरलो. हे आधीच सांगून टाकतो. शेवटी आम्ही जिंकू या आशेवर कोणी वाचत बसलं आणि मागाहून मला शिव्या घातल्या, असं नको.

आमचं कॉलेज अमरावतीला. वऱ्हाड तेव्हा मध्यप्रांताला जोडलेला, परीक्षांचे निकाल नागपूरहून यायचे, आणि माझ्यासारखी हिवरखेड-तेल्हाऱ्याकडची पोरं घरची कपाशी मागे ठेवून बी.ए. व्हायला इथं यायची. वर्गात आमची डाळ शिजत नसे. तोंड उघडलं की ‘मले’ नि ‘तुले’ बाहेर पडायचं आणि पुढच्या बाकांवरची मंडळी मान खाली घालून हसायची. मैदानावर मात्र हसणारं कोणी नव्हतं. तिथं आम्ही पोटभर ओरडायचो, ‘दे ना बे इकडं’ म्हणून एकमेकांच्या अंगावर धावून जायचो. त्या टीमवर माझा जीव होता. ती हरायची, तरी होता.

अकोल्याची टीम म्हणजे रेल्वेतली आणि कापसाच्या जिनांमधली बाप्ये माणसं. दिवाळीनंतर त्यांच्याशी आमचा सामना ठरलेला असे, एक वर्ष त्यांच्याकडे, एक वर्ष आमच्याकडे. पहिल्या वर्षी आम्ही अकोल्याला गेलो आणि सहा गोल खाल्ले. मी मागच्या फळीत होतो. सहावा गोल झाला तेव्हा त्यांचा गोलकीपर खांबाला टेकून विडी ओढत होता. मला त्या विडीचा इतका संताप आला की परतीच्या गाडीत बडनेऱ्यापर्यंत मी कोणाशी बोललो नाही.

दुसऱ्या वर्षी ते आमच्याकडे येणार होते. आमचं मैदान म्हणजे कॉलेजच्या मागची दोन एकर काळी जमीन. पावसाळा संपला की तिला हातभर खोल भेगा पडत. चेंडू भेगेला लागून भलतीकडेच उडायचा, आणि सरावात रोज एकाचा तरी पाय मुरगळायचा. अकरा जणांत नऊ कास्तकारांचे मुलगे. आम्ही बसून विचार केला आणि कास्तकारांच्या मुलांना सुचावं तेच आम्हाला सुचलं. शेजारच्या मळ्यातून बैलजोडी नि जमीन भुसभुशीत करायचं वखर मागून आणलं आणि मैदानाला वखराच्या दोन पाळ्या दिल्या. ढेकळं फोडली, वरून फळी फिरवली. बापाला बोलावून दाखवावी अशी जमीन झाली.

बैल ज्यांचे, ते माळीबुवा धुऱ्यावर, म्हणजे मळ्याच्या बांधावर, उभे राहून बघत होते. वय साठीकडे झुकलेलं, विहिरीवर मोट, मळ्यात वांगी, मेथी आणि कडेला झेंडू. आम्ही त्यांना मामा म्हणायचो.

“काय पेरता रे पोट्टेहो?” त्यांनी विचारलं.

“पेरत नाही मामा, फुटबॉल खेळतो.”

“बरं बरं,” म्हणून ते मोटेकडे निघून गेले.

सामन्याच्या दिवशी सकाळी एक सर येऊन गेली. कडक जमिनीवरून ते पाणी वाहून गेलं असतं. पण वखरलेली जमीन पाणी पिते, त्यासाठीच तर ती वखरायची असते. हे आम्हा नऊ जणांना चालता यायच्या आधीपासून ठाऊक होतं आणि एकालाही वेळेवर आठवलं नाही. चेंडू पडेल तिथं बसून राहू लागला. पायांना शेरभर चिखल चिकटला. अकोलेकरांनी मुकाट्यानं बूट काढून कडेला ठेवले आणि अनवाणी पाच गोल केले. जाताना त्यांच्या कॅप्टननं वाकून मूठभर माती उचलली, बोटांनी चुरली आणि म्हणाला, “जमीन एक नंबर केली बाप्पा. हरभरा टाकून द्या आता.”

हे सगळं आमच्या प्रिन्सिपॉलसाहेबांच्या देखत झालं. साहेब पुण्याकडचे, स्वभावानं वाईट नव्हते, पण कॉलेजचं हसं झालेलं त्यांना खपत नसे. दुसऱ्या दिवशी त्यांनी आम्हाला बोलावलं.

“तुमची ही तुकडी पदवीधर होईपर्यंत मी थांबतो,” ते म्हणाले. “तेवढ्यात एकदा तरी अकोल्याला हरवा. नाही जमलं तर टीम बंद, आणि मैदान शेजारच्या माळ्याला मक्त्यानं देऊन टाकू. ते कधीपासून मागताहेत. मशागत तर तुम्ही केलीच आहे!”

आमच्याजवळ दोन सामने उरले. कॅप्टन मी झालो, कारण दुसरं कोणी तयार होईना. मी मात्र हट्टाला पेटलो. आम्ही पदवी घेऊन घरी जाऊ, पण आमच्यामागून गावाकडची जी पोरं येतील त्यांनी ओरडायचं कुठं, हा विचार मला छळायचा. पहाटे उठून मी सगळ्यांना पळवायचो. ताप आहे म्हणणाऱ्याच्या कपाळाला हात लावून बघायचो. माझी पाठ वळली की पोरं मला जमादार म्हणायची, हे मला माहीत होतं.

तिसऱ्या वर्षी अकोल्याला आम्ही दोनच गोल खाल्ले. हरलो खरे, पण गोलकीपरच्या तोंडात विडी नव्हती.

शेवटचा सामना आमच्या मैदानावर होता. दसऱ्याच्या आधी मी मामांच्या मळ्यात गेलो आणि मैदान कसं करावं म्हणून सरळ त्यांनाच विचारलं.

“मलेच इचारून राहिला?” ते म्हणाले. “तुमी हरले का जमीन मले भेटते. माईत आहे ना तुले?”

“माहीत आहे मामा. पण दुसऱ्या कोणाले इचारू?”

त्यांनी हातातली मेथीची जुडी बांधून बाजूला ठेवली. मग म्हणाले, “वखर काहून चालवलं होतं रे? तुमाले काय तिच्यात पेरायचं होतं? खळं करा, खळं.”

मी कपाळावर हात मारला. ज्वारीची मळणी करायला दरवर्षी आमच्या घरी खळं होत होतं. जमीन भिजवायची, तिच्यावर भुसा पसरायचा म्हणजे भेगा पडत नाहीत, आणि बैल गोल गोल फिरवून ती दगडासारखी तुडवायची. मी स्वतः त्या बैलांमागे फिरलो होतो.

दोन एकरांचं खळं कोणी ऐकलंही नसेल. आम्ही ते केलं. मामा आपले वाफे भिजवून झाले की पाणी आमच्याकडे वळवायचे. रोज एक पट्टा भिजायचा, जरा सुकला की मामा बैल घेऊन उतरायचे आणि आम्ही अकरा जण त्यांच्या मागे ओळीनं पाय आपटत फिरायचो. कॉलेज गंमत बघायला कुंपणाशी जमायचं. एकदा पुढच्या बाकांवरचे दोघे धोतर खोचून आत आले आणि न बोलता आमच्या ओळीत सामील झाले. त्या दिवशी मला फार बरं वाटलं. दिवाळी उलटली तेव्हा मैदान तयार होतं. दोन्ही गोलांपुढची जागा आम्ही शेणानं सारवलीसुद्धा.

अकोल्याच्या कॅप्टननं आल्या आल्या टाच आपटून बघितली. “कोनाचं लग्न आहे बे इथं?” तो म्हणाला, पण हसला नाही.

चेंडू टणाटण उडत होता. अर्धा वेळ संपायच्या आधी आमच्या एका पोरानं मधूनच मुसंडी मारली आणि गोल केला. चार वर्षांतला पहिला. मी भर मैदानात, सगळ्यांदेखत रडलो. मामा मोट सोडून धुऱ्यावर आले होते आणि डोक्याचा दुपट्टा काढून फिरवत होते. मग अकोल्यानं एक गोल फेडला. शेवटची पाच मिनिटं राहिली असताना त्यांचा आणखी एक चेंडू माझ्या पायाला लागून आत गेला. माझ्याच पायाला. दोनास एक.

दुसऱ्या दिवशी साहेबांनी मला मैदानावर बोलावलं. मामाही आले होते, खांद्यावर पहार घेऊन. साहेबांचा चेहरा उतरलेला होता, पण शब्द तो शब्द. “ठरल्याप्रमाणे जमीन तुमची,” ते मामांना म्हणाले.

मामांनी पहार उचलली आणि जोरानं मारली. ती खणकन उलटली. दुसऱ्यांदा मारली, पुन्हा तेच.

“नको सायेब,” मामा म्हणाले. “ह्या पोट्ट्याईनं जमीन मारून टाकली. माह्या नांगराचा फाळ मोडन इथं. आता काई उगोत नाही हिच्यात.”

साहेब माझ्याकडे वळले. “तू शेतकऱ्याच्या घरचा. खरं आहे का हे?”

खळं दरवर्षी नव्यानं करावं लागतं. एक पावसाळा गेला की काळी जमीन जशी होती तशी होते, मागच्या वर्षी इथं खळं होतं हे सांगूनही कोणाला पटत नाही. हे मामांना माहीत होतं, मला माहीत होतं, आणि आमच्या दोघांमध्ये उभ्या असलेल्या साहेबांना माहीत नव्हतं. मामा मळ्यातल्या आपल्या बैलांकडे बघत होते.

“खरं आहे सर,” मी म्हणालो. “दहा वर्षं तरी काडी उगवणार नाही.”

साहेबांनी टाचेनं जमीन ठोकून बघितली. “मग दुसरं काय करणार,” ते म्हणाले. “खेळा.”

ते गेल्यावर मी मामांना गाठलं. विचारलं, “मामा, असं काहून केलं?”

“लय दिवस फिरलो ना मी बी त्या खळ्यात,” ते म्हणाले, आणि पहार धुऱ्याला टेकवून मोटेला लागले.

मी बी.ए. होऊन गावी परतलो. पुढच्या पावसाळ्यात त्या मैदानात गुडघाभर गवत माजल्याचं कळलं. नव्या पोरांनी ते उपटलं, मामांचे बैल आणून खळं केलं, आणि अकोल्याकडून तीन गोल खाल्ले. ज्यानं हे पत्रानं कळवलं त्याला मी उलट टपाली लिहिलं, भुसा जरा जास्त टाकत जा.