जत्रेच्या दिवशी व्हेंटिलेटरवर

पोलीस खात्यातल्या नोकरीतली एक तक्रार मला अजून शब्दशः आठवते, कारण ती चुकीच्या माणसाविरुद्ध आली होती. मी सेवेतून लवकर बाहेर पडले. त्याचं कारण घरगुती आहे आणि इथे त्याचा संबंध नाही. त्या वेळी मी जुन्नर तालुक्यातल्या एका ठाण्यात उपनिरीक्षक होते. नावं कोणाचीच देत नाही.

सकाळची हजेरी नुकतीच संपली होती. डिंगोऱ्याच्या बाजूच्या एका गावातल्या बाई आल्या. ठाण्याच्या पायऱ्या चढताना त्या मध्येच थांबल्या, खांबाला हात टेकून श्वास घेतला आणि मग आत आल्या. मागून त्यांचे पती आले.

"तक्रार कोणाविरुद्ध?" ठाणे अंमलदारांनी विचारलं.

"ह्यांच्याविरुद्ध," बाईंनी मागे बोट केलं.

बाईंच्या हृदयाची झडप खराब झाली होती. ऑपरेशन लांबवू नका, असं पुण्याच्या डॉक्टरांनी बजावलं होतं. घरात सरकारी आरोग्य विम्याचं कार्ड होतं, त्या भरवशावर तारीखही ठरली. पण ऐन वेळी तिथल्या खिडकीवर सांगितलं, की तुमच्या कुटुंबाचं या वर्षाचं कव्हर संपलं आहे. तुमचे पती हृदयविकाराच्या झटक्याने आयसीयूत होते, व्हेंटिलेटरवर होते, त्यात ते संपलं.

"एवढा मोठा झटका आला आन् बायकोला सांगितलं न्हाई," बाई म्हणाल्या. "चैत्रात मी निमगावला माहेरी व्हते, दमच लागायचा म्हणून. तेवढ्यात हे दवाखान्यात जाऊन पडले. तिथं उशाशी कोण बसलं व्हतं, तेवढं इचारा मॅडम."

"मला शिंक आली तरी ही गावभर सांगती," पती म्हणाले. "मी गुपचूप मशीनवर कसा पडंन?"

ठाण्यात सगळे हसले. मी हसले नाही. बोलण्यापेक्षा बघण्याची मला सवय आहे. भांडतानासुद्धा त्या माणसाचं लक्ष बायकोच्या सुजलेल्या पावलांकडे होतं आणि त्याने पायानेच बाकडं तिच्याकडे सरकवलं होतं. असा माणूस आजार लपवून बायकोचं ऑपरेशन अडवेल, हे मला पटेना.

मी दोघांचे जबाब घेतले आणि योजनेच्या जिल्हा कार्यालयाकडून उपचाराची कागदपत्रं मागवली. ती बघून पहिल्यांदा मीच अडचणीत आले. कार्ड खरं होतं, अंगठा खरा होता. छातीला वायरी लावून डोळे मिटून पडलेल्या पतींचा फोटोही खरा होता.

फोटो बघून पती म्हणाले, "हा तर शिबिरातला. देवळाच्या सभामंडपात फुकट तपासणी व्हती. कार्ड घेतलं, अंगठा घेतला, आन् छातीची पट्टी, ती ईसीजी का काय, काढायला खाटंवर निजवलं. डोळं मिटा म्हनले, मिटलं."

शिबिर भरवलं होतं तालुक्यातल्याच एका खासगी हॉस्पिटलने, आणि कागदावरचे उपचारही तिथलेच होते. आता ते खोटे ठरवायचे कसे? शस्त्रक्रिया दाखवली असती, तर अंगावर खूण शोधता आली असती. त्यांनी सगळं औषधांवर आणि मशीनवर दाखवलं होतं. सरकारी डॉक्टरांनी पतींना तपासलं. ते म्हणाले, "हृदय ठणठणीत आहे. पण चैत्रात झटका आलाच नव्हता, असं मी लिहून देऊ शकत नाही."

गावात गेलो, तर माणसं तोंड उघडेनात. चहा आग्रहाने पाजत, पण शिबिराचा विषय काढला की उसाला पाणी द्यायचं आठवे. पोलिसांत गेलं की कार्ड कायमचं बंद होतं, अशी अफवा कोणीतरी मुद्दाम सोडली होती. गुन्हेगाराला माणसं घाबरतात हे मी बघितलं होतं. आजारपणातला एकमेव आधार जाईल, ही भीती त्याहून मोठी असते.

आणि इकडे बाईंचा श्वास दिवसेंदिवस तोकडा होत होता. पती ठाण्यात यायचे, तेव्हा एकच विचारायचे, "तारीख मिळंल ना परत?"

उत्तर मिळालं ते आमच्याच ठाण्यात. त्या गावचा बीट सांभाळणारे हवालदार माझ्या टेबलाशी उभे होते. व्हेंटिलेटर लावल्याची तारीख मी मोठ्याने वाचली. ते दचकले.

"मॅडम, ही तर चैत्री पुनव. त्यांच्या गावची जत्रा. मी घाटात बंदोबस्ताला व्हतो."

"बाईंचे पती तिथे दिसले होते?"

"दिसले? त्यांची घोडी माझ्या अंगावर आली. मी उडी मारली म्हणून वाचलो."

आमच्याकडे घाट म्हणजे बैलगाडा शर्यतीची चढावरची धावपट्टी. गाड्यापुढे घोडीवरून एकजण दौडत जातो आणि बैल तिच्यामागे सुटतात. पतींना हीच हौस. शिबिराची तारीख, दवाखान्याची तारीख असं विचारलं की ते गोंधळत. पुनवेला कुठे होतात, असं विचारताच त्यांनी कोणाची बारी, म्हणजे गाड्याची फेरी, कितवी सुटली तेसुद्धा सांगितलं.

मी बाकीची कागदपत्रं चाळली. त्याच दिवशी त्याच गावचे आणखी बरेच जण त्या आयसीयूत दाखवले होते. त्यातला एक तर जत्रा कमिटीचा माणूस, दिवसभर भोंग्यावर बोलणारा. गावात परत गेलो आणि शिबिराचं नाव न काढता जत्रेचं शूटिंग मागितलं. आधी तोंड न उघडणाऱ्या माणसांनी चढाओढीने मोबाईल पुढे केले. पंचांसमक्ष पंचनामा करून आम्ही ते जप्त केले.

हॉस्पिटलचा विमा विभाग बघणारा व्यवस्थापक चौकशीला आला तो कपड्यांना इस्त्री करून. उत्तरं तयार होती.

"त्या दिवशी आयसीयू पूर्ण भरलेला होता, मॅडम. आम्हाला जेवायला वेळ नव्हता."

मी मोबाईल त्याच्यासमोर ठेवला. धूळ, हलगी, आणि भोंग्यावरून पतींच्या नावाचा पुकारा. घोडीवर तेच, फेटा उडालेला.

"हा व्हिडिओ जुना असेल."

"ती कमान बघा," हवालदार म्हणाले. "औंदाच बांधली. त्याच सकाळी नारळ फुटला. आणि हा जो बोलतोय ना भोंग्यावर, तो तुमच्याकडे ह्यांच्या शेजारच्या खाटेवर होता. व्हेंटिलेटर लावून एवढा आवाज? मशीन चांगलंय राव."

मी एकही प्रश्न विचारला नाही. माझा अनुभव आहे, की तयार उत्तरांच्या माणसाला प्रश्न लागतात. प्रश्नच आले नाहीत की तो स्वतःच बोलायला लागतो. व्यवस्थापकाने पाणी मागितलं.

"मी इथला नाही, मॅडम," तो म्हणाला. "त्या दिवशी हॉस्पिटलमध्ये एकही पेशंट नव्हता. मालक म्हणाले, खाटा रिकाम्या आहेत, आज भरून घ्या. त्या रिकाम्या का आहेत, हे आम्ही कोणालाच विचारलं नाही."

चैत्री पुनवेला इथे गावोगावी जत्रा असते, मुंबईतला चाकरमानीसुद्धा गावी येतो. त्या दिवशी उठता येणारा माणूस दवाखान्यात राहत नाही. हे इथलं पोरही सांगेल.

मालक आणि व्यवस्थापक दोघांनाही अटक झाली. हॉस्पिटल योजनेतून बाहेर गेलं. आरोपपत्राची वाट न बघता मी पंचनामा आणि जबाबांच्या प्रती घेऊन जिल्हा कार्यालयात गेले आणि आदेश हातात पडेपर्यंत तिथून हलले नाही. त्या गावच्या सगळ्या कुटुंबांचं कव्हर पूर्ववत झालं. बाईंना तारीख मिळाली आणि नवी झडप बसली.

या प्रकरणाने मला एक शिकवलं. उपचार नाकारला जातो तेव्हा दारात कोणी आडवा उभा नसतो. पडद्यावर एक ओळ येते आणि घरातली माणसं एकमेकांवर संशय घेऊ लागतात. म्हणून चुकीची वाटणारी तक्रारसुद्धा मी शेवटपर्यंत ऐकून घेऊ लागले. तिच्या मागे खरी तक्रार असू शकते.

पुढच्या चैत्री पुनवेला बंदोबस्ताला मीच होते. बाई घाटाचा चढ कुठेही न थांबता चढून माझ्याजवळ आल्या. खाली पती घोडीवर मांड ठोकत होते.

"मॅडम, तक्रार हाय," त्या म्हणाल्या. "ह्यांच्याविरुद्धच. एवढ्या मोठ्या दुखण्यातून उठलेला माणूस घोडीवर बसतो का कधी?"

आणि त्यांनी वरूनच पतींना हाक मारली. ती भोंग्याच्या वर ऐकू गेली.