दुसऱ्याच्या तोंडून

ऐंशीच्या दशकात आम्ही अमेरिकेतल्या श्रूजबरीत नवे होतो. हे कार घेऊन ऑफिसला गेले की मी चालत लायब्ररीत जायचे आणि इंग्लिश सुधारावं म्हणून ओठ हलवत वाचत बसायचे. दुपारी समोरच्या खुर्चीत पिकल्या केसांचा एक अमेरिकन यायचा. तोही ओठ हलवत वाचायचा, म्हणून मला तो जवळचा वाटे. पुस्तक नेहमी तेच, तीनशे वर्षांपूर्वीच्या एका स्कॉटिश न्यायाधीशाचं चरित्र. वाचताना तो टायची गाठ सैल करी, पुन्हा आवळी.

एके दिवशी तो आपणहून बोलला. "हा न्यायाधीश राजकारणीही होता. राजे बदलले तशी यानेही बाजू बदलली. पण तेव्हा तिथे जज शिक्षा फक्त ठरवायचा. कोर्टात ती मोठ्याने सांगायला वेगळा माणूस असायचा." मग हळूच म्हणाला, "मला स्वतःलाच सांगावी लागते. आज जेवणाच्या सुट्टीनंतर एकाला सांगायचीय."

समोर साक्षात जज, आणि आमचं ग्रीन कार्ड अजून अडकलेलं. त्याने पुस्तक माझ्यापुढे सरकवून एका ओळीवर बोट ठेवलं. त्या ओळीत एका आरोपीला सुनावलेली फाशीची शिक्षा होती.

"मोठ्याने वाचाल? ऐकणाऱ्याला कसं वाटतं ते मला कळायला हवं."

"माझे उच्चार चांगले नाहीत," मी म्हणाले.

"चालेल. फक्त सावकाश वाचा."

मी वाचायला लागले, तसा तो टायची गाठ नीट करून, शिक्षा ऐकणाऱ्या आरोपीसारखा उठून उभा राहिला.