विमान उतरवायचा गेम

लॅबवाल्या बाई रागावल्या की आवाज चढवत नाहीत, शब्द मोजून टाकतात. दुकानाच्या काउंटरवर नवा कॉम्प्युटर ठेवताना त्यांनी चारच टाकले. "यावर गेम चालत नाही."

दुकानदाराने बाईंनी पुढे केलेली गेमची सीडी उलटसुलट केली. "काकू, हा वीस-पंचवीस वर्षांपूर्वीचा. ज्या ग्राफिक्स सॉफ्टवेअरवर तो चित्रं काढायचा, तेच आता बंद झालंय. नवीन घ्या ना, एकदम झकास आलेत."

"झकास मला नकोय. हा हवाय."

"जुन्याचा एवढा काय सोस?"

सोस? बाईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली. वर्षापूर्वी यजमानांना अर्धांगवायूचा झटका आला, उजवा हात लाकडासारखा पडला. व्यायाम शिकवणाऱ्या मुलीने रबरी चेंडू दिला, तर यांनी डाव्या हाताने तो भिरकावून दिला. पण जुन्या कॉम्प्युटरवर विमान उतरवायचा हा गेम लावला, की जॉयस्टिकवर ती बोटं आपोआप हलायची. रोज अर्धा तास. आणि पुतण्याने काय केलं? काकांना भेट म्हणून नवा कॉम्प्युटर आणला आणि जुना, कुणाला न विचारता, भंगारात देऊन मोकळा झाला! वर म्हणतो, "काकू, तो कचराच होता." गेम बंद पडल्यापासून आठ दिवसांत हात पुन्हा आखडून त्याची घट्ट मूठ वळायला लागली होती.

बाई कॉम्प्युटरची पेटी उचलून घरी आल्या. देवाचं नाव घेतलं, शब्दकोश जवळ ओढला आणि जुने गेम खेळणाऱ्या लोकांच्या वेबसाइटवर जाऊन बसल्या. तिथे एक छोटी फाइल सापडली. जुना गेम जे मागतो ते नव्या ग्राफिक्स कार्डाला त्याच्या भाषेत सांगणारी, दुभाष्यासारखी. तीस वर्षं शाळेची प्रयोगशाळा सांभाळलेल्या बाईंचा शिरस्ता एकच, महत्त्वाची वस्तू मोठ्या कपाटात. त्यांनी ती फाइल कॉम्प्युटरच्या मुख्य फोल्डरमध्ये नेऊन ठेवली. गेम लावला. पडदा काळाठिक्कर.

तीन दिवस हेच. शेवटी त्यांनी वेबसाइटवर खडसावून विचारलं, तुमची फाइल खोटी आहे का? कुणीतरी उत्तर दिलं, "आजी, कुठे ठेवलीत? तो गेम आधी स्वतःच्या शेजारी शोधतो, तुमच्या मुख्य फोल्डरमध्ये नाही."

"मग तसं आधी लिहायला काय झालं होतं!" बाई पडद्याकडे बघून म्हणाल्या. फाइल गेमच्या फोल्डरमध्ये हलवली.

निळं आकाश उमटलं. बाईंनी यजमानांचा हात उचलून जॉयस्टिकवर ठेवला. मूठ हळूहळू सैल झाली, विमान डुगडुगत खाली आलं, धावपट्टी चुकलं आणि सरळ शेतात घुसलं.

"छ्या!" यजमान ओरडले आणि त्यांनी टेबलावर थाप मारली. उजव्या हाताने.