चढावर थांबवलेली मालगाडी

ती दुपार आठवली की आजही माझा हात आपोआप फोनकडे जातो. तेव्हा मी तलासरी भागातल्या एका ठाण्याचा प्रभारी होतो. डोंगर कापून टाकलेल्या मालमार्गावर, ऐन चढावर, कोणीतरी लाल पंचा हलवून भरलेली मालगाडी थांबवली होती. ड्रायव्हर खाली उतरेपर्यंत माणूस पसार. चढावर अडकलेली ती गाडी मागून दुसरं इंजिन लावून कशीबशी पुढे काढावी लागली. रेल्वेची तक्रार आली. आमचा संशय वॅगन फोडणाऱ्या टोळीवर होता.

कासा बाजारातल्या खबऱ्याने माणूस सांगितला. त्या कापलेल्या डोंगराच्या माथ्यावर ताडी काढणारा, पन्नाशीचा. तासाभरात तो माझ्यासमोर होता.

"तिथे काय करत होतास?"

"लाकडं येचत होतो."

छातीवर ताडाच्या खोडाचे ताजे ओरखडे, आणि म्हणे लाकडं! मी आवाज चढवला. त्याचा मात्र एकच धोशा, "साहेब, आता दुसरी गाडी कवा?"

टोळीसाठी वेळा काढून घेतोय, असं मी धरून चाललो. शहाणाच होतो मी!

त्याने चौथ्यांदा तेच विचारलं. त्याच भागातला आमचा हवालदार हळूच म्हणाला, "साहेब, याच्याकडे ताडीचं लायसन नाही. केसला घाबरतोय."

"ताडीची केस करणार नाही. बोल," मी म्हटलं.

"कडेच्या तिन्ही ताडांची मडकी सांडली, साहेब. तिन्ही रुळाच्या अंगाला. मडकं आम्ही सरळ बांधतो, झाड कललं तरच सांडतं. खाली बघितलं तर जमीन फाटलेली. माझा हात आत गेला."

तीन दिवस अवकाळी पाऊस झाला होता. रेल्वेच्या नियंत्रण कक्षाला फोन लावला. पुढची मालगाडी निघालेली होती. "लाईनवर राहा," पलीकडून सांगितलं. तो माणूस उकिडवा बसून माझ्या तोंडाकडे बघत होता.

"थांबवली," आवाज आला.

संध्याकाळच्या आत ती कड ताडांसकट रुळांवर आली.

खोटं पकडण्यात माझी हयात गेली, त्याचा अभिमानही होता. त्या दिवशी त्याचं खोटं पकडायच्या नादात मी त्याचा प्रश्न ऐकलाच नाही. गाडीतल्या माणसांची काळजी त्या खोलीत एकट्या आरोपीलाच होती.