मुराळ्याचा रस्ता

शिवनसमुद्रहून अण्णा परत आला, की त्याच्या भुवयांवर तांबडी धूळ असायची आणि तो ती मुद्दाम झटकायचा नाही. तसाच उंबऱ्यात बसायचा, पाणी मागायचा आणि म्हणायचा, "काय रस्ता आहे ग! जाऊ दे, तुला नाही कळायचं." माझ्या अंगाचा नुसता तिळपापड व्हायचा. धूळच ती, आमच्या पेठेत काय कमी होती? पण ही कनकपुऱ्याच्या रस्त्याची धूळ होती, आणि ती त्याच्या तोंडावर होती, माझ्या नव्हे.

अण्णा माझा थोरला भाऊ. तेव्हा तो कॉलेजात नुकता गेला होता, मी तेरा-चौदा वर्षांची. आम्ही बंगळूरचे जुने मराठी, इतके जुने की कधी आलो ते घरात कोणालाच धड सांगता येत नसे. भाऊ तो अण्णा, बहीण ती अक्का, थोडं म्हणजे स्वल्प आणि ठीक म्हणजे सरी. बाबा शिंपी. पेठेतल्या गल्लीत खाली दुकान, वर आम्ही. साठ सालाच्या पुढेमागे घडलेली ही गोष्ट आहे.

त्या वर्षी माघात अक्काचं लग्न झालं. नवरा शिवनसमुद्रच्या वीजघरात कामाला, घरी फक्त त्याची आई. लग्न लागलं, मांडवपरतणी इथेच बंगळुरात त्यांच्या एका नातेवाइकाच्या घरून उरकली, आणि अक्का निघाली. नवरीबरोबर पाठराखीण म्हणून मी जायचं ठरलं होतं. तो माझा हक्कच होता. पण दोन दिवस आधी मला गोवर निघाला आणि माझ्या जागी एक म्हातारी आत्या गेली, जिला बसमध्ये बसल्या बसल्या झोप लागायची! बरोबर अण्णा गेला. मी गादीवर पडून कढ काढत होते आणि तो खिडकीशी बसून गाव बघत होता. देव कुठे असतो अशा वेळी, मला कळत नाही.

मग पाडव्याला अक्काची साडी घेऊन अण्णाच. वैशाखात आंब्यांची करंडी घेऊन अण्णाच. प्रत्येक खेपेला मी म्हणायची, "मी पण," आणि आई म्हणायची, "आता तू मोठी झालीस, पुरे झालं हुंदडणं." माझी धाव कुठवर, तर आनेकलच्या मावशीकडे. त्या वाटेवर बघण्यासारखं काय, तर नाचणीची शेतं आणि मावशी.

अण्णाचा रस्ता मात्र मला पाठ झाला होता. ऐकायचं नाही असं ठरवून मी शेगडी फुंकत बसायची आणि कान तिकडेच. कलासीपाळ्याहून बस सुटते. कग्गलीपुऱ्यापर्यंत दोन्ही बाजूंनी वड, इतके जुने की पारंब्या बसच्या टपाला घासतात. हारोहळ्ळीला बस थांबते, तिथे टोपलीतली गरम इडली मिळते. मग एकावर एक ठेवल्यासारखे काळे डोंगर, कनकपुऱ्याच्या अलीकडे-पलीकडे रेशमाच्या कोषांनी भरलेल्या गाड्या, अर्कावतीचा पूल. सातनूर सोडलं की रान लागतं आणि ड्रायव्हर हॉर्न वाजवत राहतो, हत्ती असतो म्हणून. पुढे हलगूर, शिंषा नदी, मळवळ्ळीला ऊस, आणि शेवटी कावेरी. बाबा मध्येच म्हणायचे, "पूर्वी गाड्या नदीतूनच जायच्या. तुमचे पणजोबा विजेचे खांब लादलेल्या बैलगाड्यांबरोबर त्याच वाटेनं गेले होते, पंधरा दिवस लागले." म्हणजे पणजोबांनीसुद्धा बघितला होता तो रस्ता! मी सोडून घरातल्या सगळ्यांनी, मेलेल्यांनीही.

वैशाखातल्या खेपेहून अण्णा आला तो नवीनच बातमी घेऊन. रस्त्यावरचे मैलांचे दगड काढून किलोमीटरचे लावताहेत. "शिवनसमुद्र आता सव्वाशेच्या वर," तो म्हणाला. आईच्या हातातली पळी तिथेच थांबली. तिला ठाऊक होतं ते ऐंशी. "अगबाई, आणखी लांब गेली का रे माझी पोर?" म्हणून ती रडायलाच लागली. अण्णानं तिला मैल आणि किलोमीटर दहा वेळा समजावले, पण ती आपली म्हणायची, "सरकारनं दगड लावलेत ते काय उगीच?" आम्ही हसलो, मीसुद्धा. पण त्याच्याकडे हसण्यासारखी बातमी होती, आणि माझ्याकडे काय होतं? शेगडी.

आषाढात नवी नवरी सासूच्या नजरेसमोर राहू नये म्हणून माहेरी पाठवतात. अक्काची सासू अशी वस्ताद, की ती स्वतःच उठून महिनाभर आपल्या भावाकडे गेली. सून घरी, लेकाचा डबा वेळेवर, आणि रीतही पाळली! आई हात चोळत बसली. म्हणजे अक्काला माहेर दिसणार ते आता गौरीलाच, आणि आमच्याकडे गौर बसते ती गणपतीच्या आदल्या दिवशी, अमावास्येनंतर तिसऱ्याच दिवशी. लग्नानंतरची पहिली गौर ती, एकदाच येते. आईनं महिनाभर आधीपासून तिच्यासाठी हिरव्या बांगड्या आणून ठेवल्या होत्या.

लेकीला सणाला आणायला जातो तो मुराळी. मुराळी आल्याशिवाय सासू सुनेला उंबऱ्याबाहेर पाठवत नाही, नवऱ्याबरोबर तर नाहीच. आणि बापाला सहसा मुराळी करत नाहीत, कारण आमच्यात लेकीला मूल होईपर्यंत बाप तिच्या घरचं पाणीसुद्धा पीत नाही. म्हणजे पुन्हा अण्णाच. मी बाबांच्या मशीनपाशी जाऊन दोन दिवस तोंड पाडून उभी राहिले. "मी अण्णाबरोबर जाते ना बाबा." बाबा म्हणाले, "बघू." आई आतून म्हणाली, "बघू काय? घरात सण आहे, मला हाताखाली कोण?" झालं. अण्णानं माझ्याकडे बघून भुवया उडवल्या. त्या भुवया मला आजही आठवतात.

गुरुवारी दुपारी पोस्टमननं कार्ड टाकलं. आमचं टपाल मीच वाचायची. आईला अक्षर येत नव्हतं, आणि सुईत डोळे घालून घालून बाबांची नजर अधू झाली होती, शिवण काय ती हाताच्या सवयीनं चालायची. बसची पाटी वाचता येत नसे की पत्र. कार्ड अक्काच्या नवऱ्यानं लिहिलेलं, भाषा मराठी आणि अक्षर कन्नड, जसं आम्ही सगळेच लिहायचो. मुराळ्याला शनिवारी पाठवा, रविवारी सकाळच्या बसनं दोघं निघतील, सोमवारी अमावास्या आहे, उशीर नको.

मला माहीत होतं की रविवारपासून अण्णाचा एन.सी.सी.चा कॅम्प आहे, आणि मुराळी म्हणून जावं लागलं तर एक दिवस उशिरा हजर व्हायची परवानगी त्यानं काढून ठेवली आहे. पण कार्ड तो कॅम्पला निघून गेल्यावर आलं, तर बाबांनाच जावं लागेल. आणि बाबांना बसची पाटी वाचून दाखवायला कोणीतरी लागेल. एवढंच माझ्या डोक्यात आलं. अमावास्या मी वाचली होती, नाही असं नाही. पण मला वाटलं, एका दिवसानं काय होतंय, स्वल्प उशीर. कार्ड मी भूगोलाच्या पुस्तकात घातलं.

दोन दिवस मी घरात इतकी शहाण्यासारखी वागले की आईनं माझ्या कपाळाला हात लावून बघितला. अण्णा मात्र कॅम्पचे बूट पॉलिश करत होता आणि म्हणत होता, "कार्ड कसं आलं नाही अजून?" मला त्या बुटांचाही हेवा वाटत होता. शनिवारी संध्याकाळी, तो निघून गेल्यावर, मी कार्ड काढलं. "आत्ताच टाकून गेला बघा." आईनं डोक्याला हात लावला. टपालखात्याचा उद्धार झाला, ते बिचारं काय बोलणार! सगळं मी योजलं होतं तसंच झालं. "मीच जातो," बाबा म्हणाले, "हिला घेऊन." आईनं अक्कासाठी बांगड्या दिल्या नाहीत, घरी आल्यावर भरायच्या म्हणून. बाबांसाठी दोन दिवस टिकतील अशा दशम्या बांधून दिल्या.

रविवारची ती बस! खोटं कशाला बोलू, मला क्षणभरही अपराधी वाटलं नाही. मी खिडकीशी, बाबा शेजारी डोळे मिटून. वडाच्या पारंब्या खरंच टपाला घासल्या. हारोहळ्ळीची इडली मी दोनदा मागितली. काळे डोंगर अण्णानं सांगितले त्याहून मोठे होते, आणि त्याला ते नीट सांगता आले नव्हते म्हणून मला भारी आनंद झाला. सातनूरच्या रानात हत्ती दिसला नाही, पण रस्त्यावर ताजी लीद होती, आणि ती त्यानं बघितली नव्हती! जाशील आता नाक वर करून? असं मी मनातल्या मनात मळवळ्ळीपर्यंत म्हणत होते. माझ्याही भुवयांवर धूळ बसली होती, मी हात लावून बघत होते.

आम्ही पोचलो तेव्हा दुपार उलटली होती. अक्का ओसरीवरच होती. नेसूची चांगली साडी, केस विंचरलेले, शेजारी तिची ट्रंक. बाबांना बघून धावत आली आणि मध्येच थांबली. तिनं माझ्या मागे बघितलं, अण्णा कुठे दिसतो का म्हणून.

सासू बाहेर आली. बाई वाईट नव्हती, तिचा आवाजही चढला नाही. "कालपासून ट्रंक बांधून बसवली आहे हिला," ती म्हणाली. "आजची बस सकाळीच गेली. उद्या अमावास्या, परवा मंगळवार, सून धाडायचे दिवस नव्हेत ते. बुधवारी पाठवते मी, तोवर थांबता का?"

थांबणार कसे? बाबांना त्या घरात पाण्याचा घोट चालत नव्हता. दशम्या उद्यापर्यंतच्या. दुकानात सणाचे कपडे अर्धे शिवून पडलेले. आणि बुधवारी दुसरं कोणी येणं शक्य नव्हतं, कॅम्प सण झाल्यावरच संपणार होता. बाबा ओसरीखाली, उन्हात उभे राहून बोलत होते. त्यांनी खिशातून कार्ड काढलं आणि हात जोडून म्हणाले, "विहीणबाई, कार्ड कालच मिळालं हो. टपालवाल्यांनी घात केला, आमची चूक नाही." माझे बाबा कोणासमोर हात जोडताना मी त्याआधी बघितले नव्हते.

सासूनं कार्ड अक्काच्या हातात दिलं, बघ म्हणून. अक्कानं ते उलटसुलट केलं. पत्त्याच्या बाजूला तिची नजर थांबली. मग तिनं माझ्याकडे बघितलं. "हो," ती म्हणाली, "टपालच उशिरा गेलंय." आणि कार्ड कमरेला खोचून ट्रंक आत घेऊन गेली.

बाबा रात्रीपुरते नदीकाठच्या देवळाच्या ओसरीवर गेले. मी अक्काकडे राहिले. ती माझ्याशी नेहमीसारखं बोलली, जेवायला वाढलं, दोनदा तूप घातलं. मी तो भात ताटाच्या कडेला सारत राहिले.

सकाळी बसच्या आधी ती परसात भांडी घासत होती. मी शेजारी बसले. धबधब्याचा आवाज सारखा येत होता, त्यामुळे आत कोणाला काही ऐकू गेलं नसतं.

"बंगळूरचा शिक्का गुरुवारचा आहे ग," अक्का म्हणाली. वर न बघता.

मी पुढ्यातली वाटी उचलून घासायला लागले.

"का?"

"सारखा अण्णाच," मी म्हणाले. आणि मग रडायलाच लागले. "मला रस्ता बघायचा होता."

मला वाटलं ती मारेल. मारलं असतं तर बरं झालं असतं. तिनं राखेचे हात धुतले, पदराला पुसले आणि म्हणाली, "मी पाहिलाच नाही तो. येताना सगळी वाट तोंडावर पदर घेऊन रडत होते. आत्या घोरत होती. कसा आहे?"

मी डोळे पुसले आणि सुरू केलं, कलासीपाळ्याहून बस सुटते.

"तसा नको," ती म्हणाली. "उलटा सांग. इथून."

मी सांगितला. मळवळ्ळीचा ऊस, शिंषा, हलगूर, सातनूरचं रान, तिथे हत्तीची लीद. ती गुडघ्यांना मिठी मारून बसली होती. मी घाई केली, की ती म्हणे, "हळू." अर्कावतीचा पूल सांगितला. काळे डोंगर सांगितले. हारोहळ्ळीला ती म्हणाली, "इडली घेऊ या," आणि मी स्वल्प थांबले. मग वड आले. मग बंगळूरची घरं, कलासीपाळ्य, पेठ, आपली गल्ली, बाबांचं दुकान, जिना. आपल्या दारापर्यंत आणून मी तिला तिथेच सोडलं.

"दार कोण उघडतं?" अक्कानं विचारलं.

"आई."

"हातात काय आहे तिच्या?"

"बांगड्या," मी म्हणाले. "हिरव्या."

अक्कानं दोन्ही हात पुढे केले, कासाराकडे करतात तसे, आणि थोडा वेळ तसेच धरून ठेवले. मग हात खाली घेतले, घासलेली भांडी उचलली आणि उठली.

"सरी," ती म्हणाली. "पोचले मी. जा तू आता, बस चुकेल."